निळ्या हातांचं घराणं

अर्धं डोकं भादरून झालं होतं आणि अर्धं व्हायचं होतं, अशा वेळी शेजारच्या खुर्चीत बसलेल्या माणसाच्या खिशातून बुसारीची आई बोलायला लागली. ऊठ रे, निळ्या हातांच्या घरातल्या लेकरा, ऊठ, असं ती म्हणाली. आणि अल्हाजी बुसारी अकांजी, वय सत्तरीच्या पलीकडे, दोनदा विधुर, एके काळी नायजेरियातल्या इबादान शहराच्या प्रत्येक मोठ्या लग्नातला पहिला आवाज, खरोखरच उठला. त्याने उठायचं ठरवलं नव्हतं. ठरवणारं जे काही डोक्यात असतं त्याला कळायच्या आत गुडघ्यांनी ऐकलं होतं. वस्तरा कानाच्या वर चुकला आणि गळ्यातल्या फडक्यावर लाल थेंब पडला. "बाबा, हलू नका," न्हावी म्हणाला, "कान कापायचे आम्ही वेगळे पैसे घेतो." बुसारी परत बसला. आई अजून बोलत होती. तुझ्या आजीनं हात धुतले आणि नदीला रंग चढला, पाहुण्याला पाणी दिलंस तर पाहुणा ओठ निळे करून गेला. शेजारचा माणूस तरुण होता, त्याच्या निळ्या शर्टाच्या खिशावर शेपटी वर केलेला मासा होता आणि फोन हातात धरून तो शांतपणे वाट बघत बसला होता. पहिलं कडवं पुरं झाल्याशिवाय कुणी फोन उचलायचा नाही असा म्हणे त्यांच्या मासळीच्या शीतगृहाचा नियम होता. कडवं संपलं, त्याने फोन कानाला लावला, मॅकरेलच्या दोन ट्रकांबद्दल कुणाला तरी झापलं आणि फोन पुन्हा खिशात टाकला. आई गप्प झाली. बुसारीने आरशातून विचारलं, छान आहे, कोण गातंय? तरुण म्हणाला, आमच्या चीफच्या घराण्याची बिरुदावली आहे. ते झालं, पण गाणारा कोण? यावर तरुणाने प्रामाणिकपणे विचार केला. "असेल कुणीतरी म्हातारा," तो म्हणाला. "आता मेला असेल."

बुसारीला याचं फारसं वाईट वाटलं नाही. गाणाऱ्याला लोकांनी मेलेला समजणं ही एक प्रकारची बढतीच असते. त्याला वाईट वाटलं ते गुडघ्यांचं. साठ-पासष्ट वर्षांपूर्वी शिकलेला धडा त्यांनी इतका मनापासून पाठ केला होता, आणि धडा आता दुसऱ्याच्या मालकीचा झालाय हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. ओशोग्बो गावच्या त्या रंगाऱ्यांच्या घरात सकाळी उठून आईपुढे पालथं पडायचं, कपाळ जमिनीला लावायचं, आणि ती वर बसून त्याला त्याची बिरुदावली ऐकवायची. कपाळाखाली शेणामातीचा थंडपणा, नाकात आंबलेल्या निळीचा वास. सोवळ्या नाकाच्या माणसाला तो वास मेलेल्या उंदराचा वाटतो, रंगाऱ्याच्या पोराला न्याहारीचा. आईचे हात कोपरापर्यंत निळे. ती भाकणूक केल्यासारखी एका सुरात म्हणत जायची आणि त्याचं डोकं मोठं मोठं होत जायचं. आपल्याकडे म्हणतातच, बिरुदं कानावर पडली की डोकं फुगतं. मोठ्या माणसांच्या टोप्या सैल शिवतात त्या त्यासाठीच. आभाळानं तुमच्याकडून निळा रंग उसना नेला, अजून परत केला नाही, असं ती म्हणायची तेव्हा तो पालथा पडल्या पडल्या आभाळावर रागवायचा. एक ओळ टोचणारीही होती. भांडलात की माठ फोडता, आणि रडायला त्याच माठाच्या खापरात बसता. कारण बिरुदावलीत घराण्याचं सगळंच येतं, चांगलं तेवढंच येत नाही. चांगलं तेवढंच येतं ती जाहिरात. मग शेवटी आई त्याचं लाडाचं नाव घ्यायची, अकांजी, आणि तो उठायचा. बुसारी हे मशिदीने दिलेलं नाव होतं, शाळेत आणि कज्ज्यात चालायचं. उठण्यासाठी अकांजीच लागायचं.

आई गेल्यावर हे काम थोरल्या बहिणीकडे आलं. गनीची आई म्हणून तिला सगळे इया गनी म्हणत. तोही तेच म्हणे. गनी परदेशी गेला तो गेलाच, तेव्हापासून ती भावाकडे मागच्या खोलीत राहते, डोळे जवळजवळ गेलेले, कान शाबूत, उशाशी रेडिओ. रोज सकाळी तो तिच्या दारात वाकायचा. पूर्वीसारखं पालथं पडणं कंबरेला मान्य नव्हतं, तेव्हा नुसतं जमिनीला बोट लावायचा, आणि ती आतून आईच्याच सुरात म्हणायची. मग रेडिओवर त्या चीफच्या नावाची ती तबकडी, तबकडी कसली, आता तबकड्या नसतात, ते जे काय असतं ते वाजायला लागलं, आणि काही आठवड्यांनी इया गनी सकाळी बिरुदावली म्हणेनाशी झाली. भाऊ वाकायचा, ती म्हणायची, हं, उठलास का, चहा कर. त्याला वाटलं, आपण काय केलं ते तिला कळलं. ती रागावली. आणि खरं सांगायचं तर, त्या रागाची तो तेव्हापासून जशी वाट बघत होता तशी त्याने कुठल्या बिदागीचीही बघितली नव्हती. न्हावी म्हणाला, मान खाली. मान खाली केल्यावर फडक्यावरचा लाल थेंब दिसला. तो आता तपकिरी व्हायला लागला होता.

त्याचा उस्ताद सुफियानू याने त्याला असा राग म्हणजे काय ते दाखवलं होतं. ओजे वस्तीतल्या एका बारशात सुफियानूने शिकाऱ्यांच्या घराला विणकरांची बिरुदावली ऐकवली. दमलेला होता, दुपारपासून तिसरं बारसं, घरं एकमेकांत मिसळली. दोन ओळी झाल्या असतील नसतील, मागच्या रांगेतली एक सुरकुतलेली म्हातारी उठली, तिने डोक्याचं कापड सोडलं आणि कंबरेला करकचून बांधलं. बाई डोक्याचं कापड कंबरेला बांधते तेव्हा पुढे काय होणार हे आपल्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं. ढोल आपोआप थांबले. म्हातारीने सुफियानूला विचारलं, कुणाचा बाप कुणाच्या मांडीवर बसवतोस? मग तिने त्याला समोर पालथं पाडून आपल्या घराची बिरुदावली ओळीओळीने म्हणायला लावली, चुकला तिथे पहिल्यापासून. पाहुण्यांच्या ताटातले अमालाचे, कंदाच्या पिठाचे गोळे गार होऊन त्यांचे दगड झाले, पण एकही पाहुणा उठला नाही, कारण एवढी करमणूक जेवणात नव्हती. सुफियानू कोलाच्या बिया घेऊन त्या घरी माफी मागायला गेला तेव्हा मागे बुसारी होता, परडी धरून. वाटेत उस्ताद म्हणाला होता, आपण नाव भाड्याने देतो, बिरुद नाही. नाव गाण्यात घातलं की धंदा झाला. बिरुद त्या घरात आधीच असतं, आपण फक्त दार वाजवायचं. आणि चुकीचं दार वाजवलं तर आतून कुणीतरी ओरडायला पाहिजे. ओरडलं नाही तर समज, घर रिकामं आहे.

नावं भाड्याने देण्यात बुसारीने पुढे उस्तादालाही मागे टाकलं. त्याच्या तबकड्यांवरून या देशात कुणाकुणाचे दिवस आले आणि गेले ते इतिहासाच्या मास्तराला शिकवता आलं असतं. आधी कोकोचे व्यापारी, मग लॉऱ्यांचे मालक, मग तेल निघाल्यावर कंत्राटदार, मग गणवेशातली माणसं, त्यांची नावं जरा घाईने घालावी आणि घाईने काढावी लागत. मग पाद्री, आणि आता गोठवलेली मासळी. त्याच्या हातून झालेला सगळ्यांत सुंदर व्यवहार म्हणजे एकाच तबकडीच्या दोन बाजूंना दोन वैरी. दोघेही लॉऱ्यावाले, एकमेकांचं तोंड न बघणारे. प्रत्येकाने शेकड्याने तबकड्या घेऊन वाटल्या आणि प्रत्येकाच्या गोटात एकच बाजू झिजली. दुसरी बाजू आजही कोरी मिळते. लागोसच्या कंपनीने त्या वेळी करारावर त्याची सही घेतली आणि करार वाचून दाखवताना नेमका वीजपुरवठा गेला. पुढे कॅसेटी आल्या, त्या कॅसेटींच्या चोरट्या प्रती आल्या, आणि बुसारीला समजलं की चोराने निदान त्याचं चित्र मोठं छापलंय. यातलं काहीच त्याला फारसं लागलं नाही. लग्नात कुणीतरी नाचत पुढे यायचा, घामाने ओल्या कपाळावर नोट चिकटवायचा, ती चिकटलेली असेपर्यंत गाणाऱ्याने हलायचं नाही, आणि त्या न हलण्यात एक प्रकारची इभ्रत होती. आता नोटा चिकटवायला कायद्याने बंदी आहे, म्हणून लोक आधी दारावरच्या हवालदाराच्या हातात चिकटवतात. एवढ्या सगळ्यात त्याने उस्तादाचा नियम मोडला नव्हता. ज्याचं बिरुद त्यालाच. नावांच्या बाबतीत तो वेश्या होता, असं तो स्वतःच हसून म्हणायचा, बिरुदांच्या बाबतीत पतिव्रता.

आणि मग चीफ ओगुनतोयेच्या आईच्या उत्तरकार्याचा दिवस. मासळीवाला चीफ, शहरभर निळे ट्रक, आईचा मृत्यू होऊन बरेच महिने झालेले, पण मांडव एवढा मोठा की आधी परवानग्या लागल्या. त्या घराण्याची बिरुदावली बुसारीला येत होती. लोहारांचं घर. झोपेतही घण मारणाऱ्यांच्या नातवा, ज्यांच्यामुळे शेजाऱ्याचा कोंबडा बहिरा झाला. पूर्वी तो कार्याच्या आधी त्या घरच्या एखाद्या जुन्या माणसापाशी बसून ओळी पडताळून घ्यायचा. इथे विचारलं तर व्यवस्थापकाने सांगितलं की जुनं माणूस होतं तेच गेलं, त्याचाच तर कार्यक्रम आहे. अनेक वर्षांनी मोठं बोलावणं होतं. त्याचा ढोलवाला मुफू, तोही म्हातारा, कान मात्र शाबूत, त्या दिवशी ढोलाच्या दोऱ्या नव्या घालून आला होता. बुसारी मंचावर चढला, माइक घेतला, समोर पाहिलं. सगळा मांडव निळा होता. घरच्यांनी पाहुण्यांना एकच कापड वाटलं होतं, तशी रीतच आहे, पण हे कापड निळीचं होतं, म्हणजे निळीसारखं दिसणारं, कुठल्या तरी समुद्रापलीकडच्या गिरणीत छापलेलं, बुसारीची आई हाताने पीठ लावून काढायची तीच पक्ष्यांची आणि बोटांची नक्षी. फुगलेल्या बाह्या, उंच बांधलेली डोकी, सगळं निळं, पंख्याच्या वाऱ्याने हलणारं, वाळत घातल्यासारखं. आणि त्याच्या नाकात तो वास आला. तिथे वास असणं शक्य नव्हतं, तिथे फक्त तळलेली मासळी आणि अत्तर होतं. तोंड उघडलं. ऊठ रे, निळ्या हातांच्या घरातल्या लेकरा.

आपण काय म्हणतोय ते त्याला तिसऱ्या ओळीला कळलं. मुफूचा ढोल शब्दाला शब्द लावत मागे येत होता, ढोल बोलतो म्हणतात तो हा, आणि जे गाणारा म्हणेल ते तो दुसऱ्यांदा, जास्त ठणकावून म्हणतो. थांबता येत नव्हतं. बिरुदावलीत अर्ध्यावर थांबणं म्हणजे माणसाला अर्ध्यावर जन्म देणं. बुसारीचे डोळे मात्र मांडवाच्या मागच्या रांगेत गेले आणि ते तिथे शोधत राहिले. कुठेतरी एक म्हातारी असेल. ती आता उठेल. डोक्याचं कापड सोडेल. त्याला भीती वाटत होती आणि भीतीच्या खाली, लाज वाटावी इतकी, ओढ वाटत होती. मागच्या रांगेत म्हाताऱ्या होत्या. त्या माना डोलावत होत्या. एकजण फोनवर चित्रण करत होती. माठ फोडण्याची ओळ आली तेव्हा कुणीतरी वाहवा म्हणालं. आणि चीफ ओगुनतोये, मासळीचे एवढे ट्रक असलेला माणूस, उभा राहिला आणि लहान पोरासारखा रडायला लागला. तो पुढे आला, त्याने बुसारीच्या कपाळावर नोट चिकटवली, मग आणखी एक, रडत रडत, हाताला लागतील तशा. बुसारी हलला नाही. नोटांच्या आडून त्याला मागची रांग दिसेनाशी झाली. परतताना गाडीत त्याने मुफूला विचारलं, तुला कळलं? मुफू ढोलाच्या दोऱ्या सैल करत होता. "ओगा, मालक, तुम्ही म्हणालात, मी म्हणालो," तो म्हणाला. "मला वाटलं, त्यांचं तुमचं काही नातं निघालं असेल."

नंतरचे आठवडे बुसारीने कुणाच्या तरी ओरडण्याची वाट बघण्यात काढले. बाजारात कुणी हाक मारली की त्याला वाटायचं, आलं. मशिदीत कुणी जरा जास्त वेळ बघितलं की तो आपण होऊन थांबायचा. एका लोहाराच्या दुकानासमोरून तो मुद्दाम दोनदा गेला. लोहाराने विचारलं, गेट बनवायचंय का. रात्री बिछान्यात तो सुफियानूचं ते वाक्य घोळवत राहायचा, ओरडलं नाही तर समज घर रिकामं आहे, आणि मग त्याला एवढं मोठं शहर दिसायचं, टेकड्यांवरून उतरलेलं, पत्र्याला पत्रा लागलेलं, दार वाजवावं तर कुठेच कुणी नाही. आणि आपण आयुष्यभर दारं वाजवत हिंडलो, त्यातली किती केव्हापासून रिकामी होती कोण जाणे. मागे कधी चुकलो नसूच कशावरून? बरोबर होतं तेही कुणी ऐकलं होतं कशावरून? शेवटी ते सहन होईना, तेव्हा तो कोलाच्या बिया घेऊन, स्वतःच परडी धरून, चीफकडे माफी मागायला गेला.

चीफने त्याला खाली वाकू दिलं नाही, वयाने मोठे आहात म्हणाला, शेजारी बसवलं, थंड पाणी मागवलं. सगळं ऐकून घेतलं. राग यायच्या जागी त्याच्या चेहऱ्यावर एक व्यापारी कुतूहल आलं. म्हणजे ते आमचं नव्हतंच? मग आमचं काय आहे, ते म्हणा. बुसारीने म्हटलं, खाली बघत, मनापासून, घणापासून कोंबड्यापर्यंत, आणि पुढे लोहारांची ती जुनी ओळ, लढाईच्या दोन्ही बाजूंना तलवारी विकून मधोमध जेवायला बसलेल्यांच्या लेकरा, काजळी हीच तुमची टोपी. म्हणून झाल्यावर त्याने वर पाहिलं. चीफचं डोकं होतं तेवढंच होतं.

"हे काय बरं नाही, अल्हाजी," चीफ म्हणाला. "दोन्ही बाजूंना तलवारी. उद्या निवडणूक आहे, लोक काय म्हणतील. आणि यात पाणी कुठेच नाही. माझा मासळीचा धंदा."

"बिरुदावली धंद्यावरून नसते, चीफ. रक्तावरून असते."

"माझा बाप मला कधी काहीच म्हणाला नाही. दारू पिऊन एकदा गाढव म्हणाला होता, ते धरायचं का?" मग आवाज उतरवून तो म्हणाला, "त्या दिवशी तुम्ही म्हणत होतात तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं की मला कुणीतरी उठवतंय. ते कुणाचं आहे?"

बुसारीला इथे खरं सांगता आलं असतं. एका मेलेल्या बाईचं आहे, असं तो म्हणाला. चीफने विचारलं, तिचे वारस आहेत? एक मुलगा आहे, बुसारी म्हणाला. काय करतो? गातो. चीफ हसला, मग तुमच्या ओळखीतलाच असणार, तुम्हीच बोला त्याच्याशी. मी सगळा खर्च करतो, चांगला स्टुडिओ, तुमची सगळी मंडळी, सगळे ढोल, कव्हरवर तुमचं चित्र हवं तर ते. रेडिओवर मी बघतो. फक्त ते घराणं माझं म्हणायचं. बुसारी म्हणाला, विचारून बघतो. आणि घरी येऊन त्याने खरोखरच विचारून बघितलं. अंगणातल्या बाकावर बसून एका बाजूने तो गिऱ्हाईक झाला, दुसऱ्या बाजूने वारस. आयुष्यभर त्याने पुष्कळ अवघड सौदे केले होते, पण इतकी नरम असामी समोर कधी बसली नव्हती. वारस म्हणाला, आईचं आहे. गिऱ्हाईक म्हणालं, तुझ्यामागे कोण म्हणणार आहे? तुझ्या मुली इंग्रजीतच बोलतात, नातवंडांना अकांजी हा औषधाचा प्रकार वाटतो. इया गनी किती दिवस? कोरून ठेवलं तर राहील. कुणाच्या का नावाने असेना, शब्द राहतील, वास राहील.  मुफूच्या ढोलाच्या नव्या दोऱ्या वारसाला आठवल्या. आणि माइक. तोंडाजवळ आणल्यावर धातूचा येणारा तो हलका थंड श्वास. खरं म्हणजे एवढंच होतं. बाकीचं त्याने नंतर जमवलं.

स्टुडिओत त्याने फक्त दोन ठिकाणी बदललं. ओशोग्बोच्या नदीच्या जागी नुसती नदी, आणि अकांजीच्या जागी चीफचं लाडाचं नाव, जे चीफला स्वतःला आठवत नव्हतं, म्हणून व्यवस्थापकाने एक चांगलं सुचवलं. काचेच्या खोलीत ढोल लावता लावता मुफूने विचारलं, ओगा, आज बरोबर म्हणायचं की चुकीचं? बुसारी म्हणाला, तेच. मुफूने मान हलवली आणि वाजवलं, आणि गेल्या कित्येक वर्षांत दोघांच्या हातून एवढं चांगलं काही झालं नव्हतं. हीच त्यातली वाईट गोष्ट. वाईट झालं असतं तर कुणी लक्षात ठेवलं नसतं.

"बाबा, उरलेलं घ्यायचं ना?" न्हावी विचारत होता. निळ्या शर्टाचा माणूस पैसे देऊन निघून गेला होता. जाताना त्याने फोनवर पुन्हा एकदा, बहुधा स्वतःच्या सुखासाठी, पहिली ओळ वाजवली होती. बुसारीने गळ्यातलं फडकं सोडलं. नंतर येतो म्हणाला. न्हाव्याने त्याच्या डोक्याकडे पाहिलं, एक बाजू तुळतुळीत, एक पांढरी; बाहेर जाऊन माझं नाव सांगू नका एवढंच म्हणाला. बुसारी टोपी हातात तशीच घेऊन चालू लागला. रस्त्यावर मिनीबसवाल्यांनी त्याच्याकडे बघून शिट्ट्या मारल्या, एका मोटरसायकलवाल्याने विचारलं, आजोबा, हप्त्याने करताय का? त्याला आज कशाचंच काही वाटत नव्हतं. आज तो विचारणार होता. इया गनीसमोर बसून सरळ म्हणणार होता, मी विकलं, बांध कापड कंबरेला. या शहरात उठून ओरडू शकेल अशी तीच एक उरली होती, आणि तिने ओरडेपर्यंत त्याला त्या रिकाम्या दारांतून बाहेर येता येणार नव्हतं.

ती अंगणात खुर्चीवर बसली होती, उन्हात पाय, मांडीवर रेडिओ बंद. तो आला हे तिने चपलांवरून ओळखलं. तो समोर बसला नाही. कंबरेचं काय होईल ते होवो म्हणून सरळ पालथा पडला, कपाळ सिमेंटला लावलं. सिमेंट तापलेलं होतं. "इया गनी," तो म्हणाला, "आईचं म्हण. सकाळी म्हणायचीस ते."

"काय म्हणू?"

"निळ्या हातांचं."

 मग ती म्हणाली, "ते मासळीवाल्याचं?" आवाजात राग नव्हता. त्याने राग शोधला, प्रत्येक अक्षरात शोधला. "ते रेडिओवरच लागतं की रे आता. दुपारच्या बातम्यांआधी. छान आहे. मी पाठ केलंय थोडं."

"ते आपलं आहे. आई म्हणायची आपल्याला. तू मला म्हणायचीस, अगदी परवापरवापर्यंत."

"मी?" तिने खरोखर आठवून पाहिलं. ती आठवताना नेहमी हाताची बोटं एकमेकींवर घासते, रंग काढल्यासारखी. "आई काहीतरी म्हणायची खरी. पण ते वेगळं होतं. ते असं रेडिओवर लागण्यासारखं नव्हतं. काय बरं म्हणायची?"

मग तो पालथा पडल्या पडल्याच म्हणायला लागला. चीफचं नाही, आईचं. ओशोग्बोच्या नदीसकट, आभाळाच्या उसन्या रंगासकट, माठासकट, आणि शेवटी तिचं स्वतःचं लाडाचं नाव घालून, अबेके, आई तिला ज्याने उठवायची ते. आवाज फुटत होता, कुठेही ढोल नव्हता. हे आपण कुणासाठीच असं म्हटलं नव्हतं, हे त्याला म्हणता म्हणता जाणवत गेलं. संपल्यावर त्याने डोकं वर केलं. इया गनीचा चेहरा उजळला होता. ती दोन्ही हातांनी हळूहळू टाळ्या वाजवत होती.

"अगदी हुबेहूब," ती म्हणाली. "रेडिओवाल्यापेक्षाही बरं म्हणतोस. पूर्वी तू गायचास ना रे? बुसारी, तूच ना?"

तिने डोक्याचं कापड सोडलं.  पण तिने ते कंबरेला बांधलं नाही. त्याच्या टोकाला गाठ होती, ती दातांनी सोडवली, आतून घडी घालून घालून मऊ झालेली एक नोट काढली, ती बोटांनी चाचपडत त्याचं डोकं शोधत आली, तुळतुळीत बाजूवरून, पांढऱ्या बाजूवरून, कपाळापर्यंत, आणि तिथे घाम होता त्यावर तिने ती नोट दाबून बसवली. चिकटली का, तिने विचारलं. तो चिकटली म्हणाला, आणि हलला नाही.